वडनेम्मेलीची मगर बँक : साप पकडण्याच्या पुढचे काम दाखवणारी जागा

आमची मुलगी बारावीनंतर सरीसृप आणि उभयचर प्राण्यांचा अभ्यास करायचा म्हणते, म्हणून चेन्नईला गेलो असता मुद्दाम एक पूर्ण दिवस काढून आम्ही मद्रास क्रोकोडाइल बँक पाहिली. चेन्नईहून ईस्ट कोस्ट रोडने महाबलीपुरमकडे जाताना साधारण चाळीस किलोमीटरवर वडनेम्मेली हे गाव लागते आणि तिथे समुद्राला लागूनच ही संस्था आहे. रोम्युलस आणि झई व्हिटेकर यांनी ती 1976 साली उभारली. कातड्याच्या व्यापारामुळे देशातल्या मगरी झपाट्याने संपत चालल्या होत्या. त्यांची पैदास करून वंश टिकवावा, हा मूळ हेतू होता.

सांगलीकरांना मगरीचे अप्रूप नाही. कृष्णेच्या काठावर ऊन खात पडलेली मगर आम्ही लहानपणापासून पाहत आलो आहोत. तरीही इथल्या मोठ्या तळ्याच्या कठड्याशी उभे राहिल्यावर आम्ही तासभर हललो नाही. जबडा उघडा टाकून निश्चल पडलेल्या मगरी पाहून कंटाळणारे लोक पुढे निघून जात होते, पण याच मगरींकडे चिकाटीने पाहत राहिलेल्या अभ्यासकांना एक विलक्षण गोष्ट दिसली होती. तळ्यावरच्या झाडांवर बगळे घरटी बांधतात तेव्हा मगरी नाकाडावर काटक्या घेऊन पाण्यात पडून राहतात आणि काडी उचलायला आलेला बगळा पकडतात; हे निरीक्षण 2013 साली प्रसिद्ध झाले. मगरीची मादी एकाच हंगामात दोनदा अंडी घालू शकते, हेही इथल्याच नोंदींतून पुढे आले. पिल्लू नर होणार की मादी, हे अंडी उबताना मिळालेल्या तापमानावर ठरते. मगरींमधले हे गणित उलगडण्यातही इथल्या अंड्यांचा मोठा वाटा आहे. शास्त्रज्ञाचे रोजचे काम म्हणजे काय, हे मुलीला सांगण्यासाठी मला याहून चांगली उदाहरणे सापडली नसती.

आवारातले इरुला या आदिवासी जमातीतल्या सर्पपकड्यांचे विषसंकलन केंद्र मात्र मला सर्वांत मोलाचे वाटले. साप पकडून कातड्यासाठी विकणे हा ज्यांचा पिढीजात धंदा होता आणि 1972 च्या वन्यजीव कायद्यानंतर ज्यांची रोजी बुडाली, त्या इरुलांची ही सहकारी संस्था 1978 साली सुरू झाली. तोंडाला कापड बांधलेली मडकी ओळीने मांडलेली असतात आणि त्यांत नाग, मण्यार, घोणस, फुरसे ठेवलेले असतात. आमच्यासमोर एका कर्मचाऱ्याने मडके हळूच कलते करून नाग बाहेर काढला, आकडीने सावरला, डोक्यामागे अलगद धरला आणि पातळ पडदा ताणून बसवलेल्या काचपात्रावर त्याचे दात टेकवले. काचेवरून पिवळसर थेंब ओघळले आणि साप लगेच मडक्यात परत गेला. सुमारे महिनाभरात चार वेळा विष काढून साप पुन्हा रानात सोडतात, आणि तोच साप लवकर पुन्हा पकडला जाऊ नये म्हणून त्याच्या पोटावरचे खवले कातरून खूण करतात. या विषापासून प्रतिविष, म्हणजे सर्पदंशावरचे औषध, तयार होते आणि ते आपल्याकडच्या ग्रामीण रुग्णालयांतही लागते.

हे पाहताना मला आमच्या भागातला एक प्रसंग आठवला. एका सर्पमित्राने पकडलेला नाग मुलांसमोर पाऊण तास खेळवला होता आणि माझी मुलगी त्यालाच साप-अभ्यास समजून भारावली होती. वडनेम्मेलीत विष काढताना एकही हालचाल दाखवण्यासाठी केलेली नव्हती. तो फरक तिला न सांगता कळला, याचे मला फार समाधान आहे.

या क्षेत्रात उतरण्याची वाट एकच नाही. रोम्युलस व्हिटेकर तरुणपणी मायामीच्या सर्पालयात सापांचे विष काढणाऱ्या बिल हास्ट यांच्या हाताखाली शिकले, तर इथल्या इरुलांचे शिक्षण रानातच झाले. त्यांच्यापैकी वडिवेल गोपाल आणि मासी सडैयन यांना 2023 साली पद्मश्री मिळाली. आपल्याकडे सरीसृप-उभयचरांचे अभ्यासक वरद गिरी यांनी सहकाऱ्यांसह आंबोलीतून देवगांडुळाची (गांडुळासारखा दिसणारा, पाय नसलेला उभयचर) नवी जात 2003 साली जगापुढे आणली. अशा एकेका जातीमागे पावसाळी रात्रींची पायपीट, संग्रहालयातल्या नमुन्यांशी घातलेला ताळमेळ आणि खवल्यांची, वलयांची मोजणी असते. या कामाला वेळ फार लागतो, तेव्हा पालकांनी घाई करू नये.

थरारक खेळ पाहायचा असेल, तर ही जागा तुमच्यासाठी नाही. शिकायचे असेल, तर सकाळी लवकर जावे, दुर्बीण, वही आणि भरपूर पाणी बरोबर घ्यावे, विषसंकलनाची वेळ आधी विचारून ठेवावी आणि दिवसाची आखणी त्याभोवती करावी. सोमवारी संस्था बंद असते.