पुनोत दीड दिवस: चारातली कुठली टूर घ्यायची?

बेळगावला टिळकवाडीत व्हॅक्सिन डेपोला सकाळी फिरायला येणाऱ्या आमच्या मंडळींतली दोन जोडपी येत्या जूनमध्ये मुलांकडं अमेरिकेला निघालीत. एवढ्या लांब गेलोच आहोत तर पेरू देशही बघून येऊ म्हणून माचू पिचूची तिकिटं काढून झाली. कुस्को शहराहून पुढं टिटिकाका सरोवराकाठच्या पुनो गावात दोन मुक्काम, म्हणजे हातात जेमतेम दीड दिवस. 'वहिनी, तुम्ही जाऊन आलाय न्हवं, मग कुठली टूर घ्यायची तेवढं सांगा की,' हे रोज चाललंय. चालता चालता तुकड्यातुकड्यानं सांगून माझाच दम जातो, म्हणून एकदाच लिहून काढते.

पुनोत एजन्सीच्या दुकानात शिरलं की चार पर्याय पुढ्यात येतात. उरोसची तरंगती बेटं, अर्धा दिवस. उरोस आणि ताकिले बेट, पूर्ण दिवस. त्यातच आमांतानी बेटावरचा मुक्काम घातला की दोन दिवस. आणि मोठ्या सरोवराकडं पाठ फिरवून सियुस्तानीचे दगडी बुरूज, दुपारनंतरचे तीन-चार तास. पत्रकावरचे फोटो सगळे सारखेच निळे असतात, ते बघून काही ठरत नाही. आपली माणसं पहिलं विचारतात, 'जास्त ठिकाणं कशात आहेत?' आम्हीही तेच विचारलं आणि फसलो. एका जागी किती वेळ टेकायला मिळतं, हे विचारायला पाहिजे होतं.

पण त्याआधी उंचीचं. बेळगाव समुद्रसपाटीपासून साधारण साडेसातशे मीटरवर आहे, टिटिकाकाचं पाणी ३,८१२ मीटरवर. कळसूबाईवर दुसरं कळसूबाई ठेवलं तरी ते आणखी पाचशे मीटर वरच राहतं. लेहसुद्धा याच्या खाली. हवेतला प्राणवायू समुद्रकाठच्या मानानं दोन तृतीयांशही नाही, त्यामुळं हॉटेलचा एक जिना चढून खोलीचं कुलूप काढेपर्यंत आमचे हे दोनदा थांबले. पाणी ८७ अंशांच्या आसपासच उकळतं, म्हणून चहा कपात पडल्या पडल्या पिता येतो. तुम्ही कुस्कोला, म्हणजे ३,४०० मीटरवर, दोन-तीन दिवस काढून येणार हे बरं आहे. शरीराला निम्मी सवय तिथंच होते. रक्तदाबाच्या गोळ्या चालू असतील तर निघण्याआधी डॉक्टरांशी बोला, तिथल्या हॉटेलवाल्याशी नको. कोकाच्या पानांचा चहा सगळीकडं मिळतो, तो प्यायला हरकत नाही. मात्र ती पानं आठवण म्हणून बॅगेत टाकू नका. अमेरिकेत आणि आपल्याकडंही ती बेकायदा आहेत.

आता उरोस. पुनोच्या धक्क्यावरून बोटीनं अर्ध्या तासात पोचतो. तोतोरा नावाची पाणवनस्पती आहे, आपल्या तळ्यातल्या लव्हाळ्यासारखी पण माणसाहून उंच. तिच्या मुळांचे जाडजूड ठोकळे पाण्यावर तरंगतात. ते एकमेकांना बांधायचे, दोरानं खुंटाला अडकवायचे आणि वर कापलेली तोतोरा आडवी-उभी अंथरत राहायची. खालचा थर कुजत जातो, वर नवा पडत राहतो. पाय ठेवला की कडब्याच्या गंजीवर चढल्यासारखं वाटतं, पाऊल किंचित आत जातं. चूल दगडावर मांडलेली, कारण घरच काय, अंगणही पेटणारं. तोतोराचा बुडखा सोलून पांढरा गाभा हातात दिला, तो काकडीसारखा पाणचट लागला.

हे सगळं खरंच बघण्यासारखं आहे, पण अर्ध्या तासात संपतं. मग बायका चटया पसरतात, उशांचे अभ्रे, लहान होड्या, माळा मांडतात, आणि तुम्ही काही घेतल्याशिवाय उठायचं कसं असा प्रश्न पडतो. आम्हाला चौकातल्या एका एजन्सीनं 'सगळं धरून' असं सांगून पैसे घेतले होते. बेटावर गेल्यावर कळलं की तोतोराच्या होडीतली फेरी वेगळी, तिचे पैसे रोख. आमचे हे चिडले. मला मात्र त्या बायकांचा राग येईना. मासे आणि पक्षी यांच्यावर जगणारी माणसं, आता पाहुणे हेच पीक. आपल्याच घराच्या ओसरीत दिवसातून पाच वेळा अनोळखी लोकांना घर कसं बांधलंय ते हसून सांगायचं, हे मला एक दिवसही जमलं नसतं. तरी नुसती उरोसची अर्ध्या दिवसाची टूर घेऊ नका. ताकिलेच्या वाटेवर उरोस लागतंच, तेवढं पुरतं.

ताकिले हा माझा कौल, म्हणून इथं जरा रेंगाळते.

साधी बोट घेतलीत तर उरोसहून ताकिलेला दोन-अडीच तास, परतताना थेट पुनोला तीन. जलद बोट महाग, पण वेळ निम्म्यावर येतो. इथं पैसे वाचवू नका, कारण वाचलेला तास बेटावर मिळतो, अर्थात एजन्सी तो देणार का हे आधी विचारून घ्या. बेट जेमतेम साडेपाच किलोमीटर लांब. गाड्या नाहीत. धक्क्यापासून गावच्या चौकापर्यंत दगडी पायवाटेची चढण, वाटेत दगडी कमानी, आणि दर वळणावर कुणीतरी चालता चालता लोकर विणतंय. तो कुणीतरी बहुधा पुरुष असतो. इथं सुयांवरचं विणकाम पुरुषांचं, तर सूतकताई आणि जमिनीवर चार खुंट्या ठोकून मांडलेल्या मागावरचं काम बायकांचं. वडगाव-खासबागच्या मागांचा खडखडाट ऐकत वाढलेल्या माणसाला ही शांतता चमत्कारिक वाटते. चौकातल्या बाकावर एक आजोबा टोपी विणत बसले होते. सुया इतक्या बारीक की लांबून नुसती बोटंच हलताना दिसत होती. मी शेजारी बसले तर त्यांनी न बोलता टोपीची आतली बाजू उलटून दाखवली. एक गाठ दिसेल तर शपथ. सासरा जावयाच्या टोपीत पाणी ओतून बघतो, गळलं तर विणकाम कच्चं, असं गाइडनं सांगितलं. खरं-खोटं माहीत नाही, पण ती टोपी पाहिल्यावर पटलं. पूर्ण लाल टोपी लग्न झालेल्याची, वरचा भाग पांढरा असेल तर तो अजून मोकळा. बायका विणतात ते रुंद पट्टे म्हणजे वर्षाचं पंचांगच, पेरणी-कापणी-सण सगळं चित्रांत. या बेटाची विणकला युनेस्कोनं २००५ मध्ये मानवी वारशात घेतली. चौकात गावाचं सहकारी दुकान आहे, तिथं भाव ठरलेले, घासाघीस नाही. महाग वाटेल, तरी वाण-सामानासारखं पुनोच्या बाजारात घेण्यापेक्षा इथंच घ्या.

जेवण एखाद्या घराच्या अंगणात. क्विन्वाचं सूप (हा आपल्या राजगिऱ्याचा भाऊबंद), मग ट्राउट मासा नाहीतर आमलेट, भात, बटाटे. हा मासाही तिथला नव्हे, गेल्या शतकात उत्तर अमेरिकेतून आणून सोडलेला. अंडंही चालत नसेल तर पैसे भरतानाच सांगा. शेवटी मुन्या नावाच्या डोंगरी पुदिन्याचा चहा येतो, त्यानं पोटाला आणि डोक्याला दोन्हीला बरं वाटतं. समोर पाण्यापलीकडं बर्फाची शिखरं दिसतात, ती बोलिव्हियातली. सरोवराच्या मधूनच देशांची सीमा गेली आहे आणि पलीकडचं घड्याळ एक तास पुढं. आमच्या बोटीचा पोरगा उरोसवर आयमारा बोलला, ताकिलेवर केचुआ, आमच्या गाइडशी स्पॅनिश. इतरांना त्याचं कौतुक वाटलं. आम्ही दोघं एकमेकांकडं बघून हसलो, गणपत गल्लीत भाजी घेताना आपण दुसरं काय करतो?

ताकिलेचा एकच खरा त्रास म्हणजे परतीची बोट बहुधा दुसऱ्या धक्क्यावरून असते आणि तिथं उतरायला पाचशेच्या वर दगडी पायऱ्या आहेत. पुण्याची पर्वती पाच वेळा उतरल्यासारखं. चढण्यापेक्षा उतरण्यानं गुडघे बोलतात. गुडघ्याला पट्टा बांधून फिरणाऱ्या आमच्या भाऊजींनी हे वाक्य दोनदा वाचावं. काही टूर चढलेल्याच वाटेनं परत आणतात, तशी विचारून घ्या.

आमांतानीला आम्ही गेलो नाही, मुलगा-सून राहून आली. तिथं हॉटेलं नाहीत, बेटावरची घरं पाळीपाळीनं पाहुणे ठेवतात. दुपारी घरची बाई धक्क्यावर येऊन आपापले पाहुणे घेऊन जाते. संध्याकाळी पाचातातापर्यंत, म्हणजे चार हजार मीटरच्या वर असलेल्या डोंगरमाथ्यावरच्या जुन्या देवस्थानापर्यंत चढायचं. शेजारच्या दुसऱ्या माथ्यावर पाचामामा. पिता आणि भूमाता. दोन्हीकडं दगडी कुंपणाचे पडके अवशेष. रात्री यजमानांचेच कपडे अंगावर चढवून नाच. सून म्हणाली, नाच थोडा ठरवलेला वाटला, पण स्वयंपाकघरात चुलीपुढं बसून बटाटे सोलले तो तास कुठल्याही टूरमध्ये मिळाला नसता. जाताना तांदूळ, साखर, फळं न्यायची रीत आहे. रिकाम्या हातानं पाहुणा जात नाही, हे आपल्याला शिकवायला नको. पण जून-जुलैत रात्री पारा शून्याच्या खाली जातो, तीन घोंगड्यांखाली कूस बदलणं हाही व्यायाम, आणि शौचालय अंगणापलीकडं. आणखी एक हिशेब आहे. हा मुक्काम घेतला की दुसऱ्या दिवशी ताकिले करून पुनोला दुपार उलटते. म्हणजे दीड दिवस तिथंच संपला, सियुस्तानी गेलं.

आणि सियुस्तानी घालवायला माझं मन होत नाही. पुनोपासून ३४ किलोमीटर, उमायो नावाच्या लहान सरोवरात घुसलेल्या उघड्या टेकाडावर दगडी बुरूज उभे आहेत. त्यांना चुल्पा म्हणतात. इंकांच्या, म्हणजे माचू पिचू बांधणाऱ्यांच्या, आधीपासून इथं राहणाऱ्या कोया लोकांनी आपल्या थोरामोठ्यांना त्यांत ठेवलं, गुडघे छातीशी घेऊन, आईच्या पोटात असतं तसं. दार एवढुसं, पूर्वेला, सरपटत जावं लागेल असं. बुरूज खाली अरुंद आणि वर रुंद होत जातो, हे पहिल्यांदा लक्षात येत नाही. कळलं की मग नजर हलत नाही. सगळ्यांत उंच बुरूज बारा मीटरचा, अंगावर सरड्याची आकृती कोरलेली. त्याची एक बाजू ढासळली आहे, त्यामुळं आतली भर दिसते. बाहेर घोटीव चिरे, आत ओबडधोबड दगड. जवळच एका बुरुजाला दगड वर ओढायचा उतार तसाच आहे, गवंडी जेवायला गेले आणि परत आलेच नाहीत असा. हलशीची देवळं, किल्ल्यातली कमल बस्ती पाहिलेल्या माणसाला इथं नक्षी सापडणार नाही. पण दगड दगडावर कसा बसवला ते पाहायला याहून चांगली जागा मी पाहिली नाही. वारा मात्र राजहंसगडावरच्या वाऱ्याचा थोरला भाऊ. कानटोपी हवीच.

परतीला गाडी एखाद्या मातीच्या घरापाशी थांबते. कमानीवर मातीचे दोन बैल, अंगणात गिनीपिग. आजीबाईंनी उकडलेले बटाटे पुढं केले आणि शेजारी वाटीत राखाडी कालवण. ते कालवण म्हणजे चक्क खायची चिकणमाती, त्यात बटाटा बुडवून खायचा. बटाटा पहिल्यांदा पिकवला गेला तो याच पठाराच्या आसपास, काही हजार वर्षांपूर्वी. आपल्या तालुक्याच्या तांबड्या मातीतला बटाटा आणि रताळं दोन्ही मूळचे त्या खंडातले. जूनच्या थंडीत बटाटे रात्री उघड्यावर गोठवतात, पायांनी तुडवून पाणी काढतात, उन्हात वाळवतात. त्याला चुन्यो म्हणतात, वर्षानुवर्षं टिकतो. आपल्या गच्चीवरच्या बटाट्याच्या किसाची आठवण झाली. आजीबाईंना खुणेनं सांगायचा प्रयत्न केला, त्यांनी आणखी एक बटाटा वाढला.

सियुस्तानीलाही गाइड प्रत्येक गोष्ट स्पॅनिशमध्ये आणि मग इंग्रजीत सांगतो, म्हणजे वेळ निम्मा त्यातच जातो. आम्ही पहिलं थोडं ऐकून सरळ पुढं गेलो.

तर भाऊजी आणि वहिनी, तुम्ही कुस्कोहून पहाटेची थेट बस धरा, सहा-सात तासांत पुनो. वाटेत देवळं दाखवत येणारी पर्यटक बस छान असते, पण ती ४,३३५ मीटरची खिंड ओलांडत सगळा दिवस खाते आणि तुमचा अर्धा दिवस बुडतो. दुपारी बरं वाटत असेल तर सियुस्तानी, नसेल तर झोपा. दुसऱ्या दिवशी जलद बोटीनं उरोस-ताकिले, पायऱ्यांचं आधी विचारून.

दुसरं जोडपं दर रविवारी राजहंसगड चढतं, त्यांनी आमांतानीला जावं. थंडीचं मी सांगितलंय, नंतर मला बोल लावू नका. सियुस्तानीसाठी एक मुक्काम वाढवता आला तर बघा. बोलिव्हियातलं सूर्यबेट आणि तिवानाकू या जुन्या नगराचे अवशेष यात बसवायला जाऊ नका. त्या देशाचा व्हिसा वेगळा बघावा लागतो.

आणि टोपी घेताना भाऊजींवर लक्ष ठेवा. आमच्या ह्यांनी रंग चांगला म्हणून नेमकी पांढऱ्या शेंड्याची उचलली होती. ते बाकावरचे आजोबा एवढं हसले की त्यांचे टाके चुकले असावेत.