रेनियर, सेंट हेलेन्स की हूड : घर घेताना कोणत्या ज्वालामुखीची किती काळजी करायची?

अमेरिकेच्या वायव्येला सिएटल किंवा पोर्टलंडला घर बघताना शाळा, ट्रॅफिक आणि हप्ता यांचा हिशेब सगळेच करतात. खिडकीतून दिसणाऱ्या बर्फाच्या डोंगरासाठी तर चार पैसे जास्तही मोजतात. पण कॅस्केड रांगेतले हे डोंगर, म्हणजे रेनियर, सेंट हेलेन्स आणि हूड, जिवंत ज्वालामुखी आहेत. सह्याद्रीचा काळा पाषाणही लाव्ह्याचाच, पण तो सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी पातळ वाहून थरावर थर साचला आणि विषय संपला. कॅस्केडखाली मात्र हुआन दे फुका भूपट्ट आजही खाली सरकतोय. इथला शिलारस बराचसा दाट असतो, वायू कोंडून धरतो आणि मग स्फोटानेच बाहेर पडतो.

घरासाठी निर्णय करताना डोंगर किती वेळा फुटला यापेक्षा घर कोणत्या नदीच्या खोऱ्यात आहे, हे आधी बघावं.

सेंट हेलेन्स हा तिघांत सगळ्यात चिडका. 18 मे 1980 ला सकाळी 8:32 वाजता 5.1 तीव्रतेचा भूकंप झाला, उत्तरेची अख्खी बाजू घसरली आणि आत कोंडलेला दाब आडवा सुटला. 57 माणसं गेली. शिखर 2,950 मीटरवरून 2,549 मीटरवर आलं. 2004 ते 2008 या काळात विवरात लाव्ह्याचा नवा घुमट वाढला, पण त्याचा फारसा त्रास झाला नाही. पायथ्याशी वस्ती विरळ आहे. काळजी टूटल आणि काउलिट्झ नद्यांच्या काठी, म्हणजे कॅसल रॉक, केल्सो, लाँगव्ह्यू इथे घर घेणाऱ्यांनी करायची. 1980 च्या ढिगाऱ्याने स्पिरिट लेकची वाट बुजली. तळ्याचं पाणी 1985 पासून बोगद्यातून काढलं जातं, कारण तो मातीचा बांध फुटला तर पूर याच खोऱ्यांत येणार.

रेनियर शांत दिसतो, पण घराच्या दृष्टीने सगळ्यात धोक्याचा हाच. 4,392 मीटर उंची, अंगावर बाकीच्या सगळ्या कॅस्केड ज्वालामुखींच्या एकत्रित बर्फापेक्षा जास्त बर्फ, आणि पश्चिमेचा खडक गरम आम्लयुक्त पाण्याने कुजून चिकणमातीसारखा झालेला. त्यामुळे उद्रेक न होताही कडा कोसळू शकतो. सुमारे 500 वर्षांपूर्वीचा ‘इलेक्ट्रॉन’ नावाचा चिखललोट बहुधा तसाच आला. आजचं ऑर्टिंग गाव त्याच चिखलावर वसलंय आणि पाया खणताना तेव्हा गाडले गेलेले झाडांचे बुंधे सापडतात. त्याआधी, सुमारे 5,600 वर्षांपूर्वी, ‘ऑसिओला’ लोट थेट प्युजेट साउंड या सिएटलजवळच्या खाडीच्या पाण्यापर्यंत पोचला होता.

असा लोट, म्हणजे लहार, ओल्या काँक्रीटसारखा नदीच्या पात्रातून येतो. ऑर्टिंगला पोचायला साधारण तासभर. 1998 पासून इथे इशारा यंत्रणा आहे, पण मोजक्या रस्त्यांवर गाड्या अडकतात. म्हणून शाळांतली मुलं पायीच उंचावर जायचा सराव करतात. प्युॲलप, कार्बन, व्हाइट आणि निस्क्वाली या खोऱ्यांत सपाटीचं स्वस्त घर दिसलं तर तिथून चढापर्यंत स्वतः चालून वेळ मोजा. सिएटलच्या पूर्वेच्या रेडमंड, बेलव्ह्यू, समॅमिश या उपनगरांकडे हे लोट येत नाहीत. तिथे भूकंपाची काळजी आधी करावी.

हूड (3,429 मीटर) पोर्टलंडपासून सुमारे 80 किलोमीटरवर आहे. मोठा उद्रेक 1780–90 च्या दशकांत झाला. 1805 मध्ये लुईस आणि क्लार्क या शोधप्रवाशांना सँडी नदी गाळाने भरलेली दिसली, ती त्यामुळेच. झिगझॅग, वेल्चेस ते ट्राउटडेल हा सँडीचा काठ जपून घ्यावा. पोर्टलंडच्या पश्चिमेच्या हिल्सबोरो-बीव्हर्टनला लहारचा प्रश्न नाही. पोर्टलंडचं पिण्याचं पाणी मात्र हूडजवळच्या बुल रन खोऱ्यातल्या उघड्या जलाशयांतून येतं आणि राख तिथे पडू शकते.

राखेचं गणित वेगळं आहे. वारा बहुतेक पश्चिमेचा, म्हणून ती पूर्वेला जाते. 1980 मध्ये यकिमा शहराला राख उचलायला 10 आठवडे लागले. ओल्या राखेचा 10 सेंटीमीटर थर छपरावर चौरस मीटरला 100 ते 200 किलो भार टाकतो. ती पाण्याने गटारात ढकलू नका, गटार तुंबतं. हलकं पाणी शिंपडून फावड्याने पिशव्यांत भरा. कोरड्या काचेवर वायपर चालवला तर काच ओरखडते. घरात एन-95 मास्क, बंद गॉगल, गाडीचा जादा एअर फिल्टर आणि माणशी दिवसाला 4 लिटर पाणी ठेवा.

बयाणा देण्याआधी पत्ता वॉशिंग्टन राज्यात (सिएटलकडे) डीएनआर या नैसर्गिक संसाधन खात्याच्या भूविज्ञान नकाशावर आणि ऑरेगनमध्ये (पोर्टलंडकडे) डोगामी या भूविज्ञान खात्याच्या हॅझव्हू नकाशावर टाकून बघा. फेमा या केंद्रीय आपत्ती व्यवस्थापन संस्थेच्या पूरनकाशावर विसंबू नका: त्यात सुरक्षित दिसणारं घर लहारच्या पट्ट्यात असू शकतं. विम्यातही राख आणि स्फोट बहुधा धरलेले असतात, पण चिखलाचा लोट पूर किंवा जमिनीची हालचाल म्हणून वगळला जाऊ शकतो. एजंटला हे ईमेलनेच विचारा आणि उत्तर जपून ठेवा.