चवीतून ‘मितीप्रवास’ : माझे 84,799 रुपये गेले, तुमचे सांभाळा

चवीच्या वाटेनं दुसऱ्या मितीत नेतो असं सांगणाऱ्या एका ‘सरां’च्या वर्गांत मी फसले. आकडे आधी सांगते. प्रास्ताविक सत्र 499. पहिली पातळी 6,500. दुसरी 21,000. ‘रसपेटी’ 11,800, म्हणजे 10,000 वर 18 टक्के जीएसटी, आणि पावतीवर जीएसटी नंबरच नाही. तिसऱ्या पातळीचं बुकिंग 45,000. एकूण 84,799 रुपये. हसायचं असेल तर हसून घ्या, आमच्या घरात सगळ्यांचं हसून झालंय.

स्वस्तातला पहिला वर्ग, मग व्हॉट्सॲप ग्रुप, मग ‘दोनच जागा शिल्लक’, ही चाल तुम्हाला पाठ आहे. मलाही होती. शेअर बाजाराच्या टिप्स देणारा ग्रुप दिसला की मी तिथल्या तिथे बाहेर पडते. पण इथे पैसे दुप्पट करायची भाषाच नव्हती. इथे फळ्यावर स्ट्रिंग थिअरी होती, सगळं विश्व सूक्ष्म तंतूंच्या कंपनांतून बनलंय असं मांडणारा भौतिकशास्त्रातला सिद्धांत! तिच्या गणिताला दहा मिती लागतात, हे खरं आहे. त्यातल्या चार आपल्या ओळखीच्या (लांबी, रुंदी, उंची आणि काळ) आणि उरलेल्या सहा दिसणार नाहीत इतक्या बारीक गुंडाळलेल्या, हेही बहुतेक पुस्तकांत असंच असतं. मग सरांनी खडू ठेवला आणि शांतपणे विचारलं, “आपल्याकडे रस किती?” सगळा हॉल एका सुरात म्हणाला, “सहा!” मधुर, अम्ल, लवण, कटू (म्हणजे तिखट), तिक्त (म्हणजे कडू), कषाय (म्हणजे तुरट). चरकसंहितेत आहेतच. एकेक रस म्हणजे एकेका गुंडाळलेल्या मितीचं दार, आणि जीभ ही किल्ली. मी बी.एस्सी. आहे. टाळ्या मीही वाजवल्या, कारण बेरीज चुकत नव्हती.

माझ्या भाच्यानं नंतर दोन मिनिटांत त्यातली हवा काढली. तिखट ही मुळात चवच नाही, ती जळजळ. मिरचीतलं कॅप्सेसिन उष्णता ओळखणाऱ्या रिसेप्टरला चेतवतं, आणि त्याच शोधासाठी डेव्हिड ज्युलियस यांना 2021 मध्ये नोबेल मिळालं. तुरटपणा बराचसा स्पर्शाचा. उलट उमामी ही मांसाच्या रश्श्यासारखी चव जपानच्या किकुनाए इकेदांनी 1908 मध्येच दाखवली होती, ती या सहांत नाही. म्हणजे दारांचा हिशेबच खोटा. पण हे त्याला आधी विचारलं असतं तर ना! तो तेव्हा बंगळुरूला होता.

आता प्रयोग. एक हिरवट भुकटी जिभेवर मिनिटभर चोळायला लावायची, चूळ भरायची आणि मग चमचाभर साखर तोंडात टाकायची. गोडी शून्य. वाळू चावल्यासारखं कचकच, बस्स. सर म्हणाले, “तुम्ही आत्ता अशा मितीत आहात जिथे मधुर रस अस्तित्वातच नाही.” माझ्या अंगावर काटा आला. शेजारच्या काकू रडायला लागल्या.

ती भुकटी होती गुडमारची. मधुनाशिनी. तिच्यातली जिम्नेमिक आम्लं जिभेवरचे गोडाचे रिसेप्टर अर्धा-पाऊण तास अडवून धरतात, त्यापलीकडे काही नाही. आणि माझा जीव जळतो तो इथे. आमच्या स्वयंपाकघरात, चहाच्या डब्यामागे, हीच भुकटी वर्षानुवर्षं आहे! सासऱ्यांना मधुमेह, ते रोज सकाळी घेतात आणि त्यावर चहा प्यायले की कुरकुरतात, “सूनबाई, आज साखर घातलीच नाही.” तो कडवट, गवतासारखा वास हॉलमध्ये माझ्या नाकात शिरला होता. ओळखीचा वाटलाही होता. पण अंधार, तानपुरा, चाळीसेक माणसं डोळे मिटून बसलेली. अशा जागी कुणाला चहाचा डबा आठवतो? तुम्हाला आठवला असता तर तुम्ही धन्य.

दुसऱ्या पातळीला लाल गोळी. ती चघळून लिंबू चोखलं की साखरेच्या पाकासारखं लागतं. पश्चिम आफ्रिकेतल्या एका फळातलं मिरॅक्युलिन नावाचं प्रथिन हे करतं, अशा गोळ्या ऑनलाइन सर्रास मिळतात. मी त्याला 21,000 मोजले.

तिसरी पातळी खरी नीच. फॉर्ममध्ये एक रकाना होता : ‘दिवंगत आप्ताचा आवडता पदार्थ’. मी लिहिलं, मेथांबा. आई जाऊन वर्षही झालं नव्हतं. त्या चवीच्या वाटेनं तिच्या मितीत जाता येईल, असं सांगितलं होतं. लोभी म्हणा, मूर्ख म्हणा, पण असा रकाना कुठल्याही फॉर्मवर दिसला तर तिथूनच उठा. शिबिराच्या आदल्या दिवशी सरांचा फोन बंद झाला आणि ग्रुपही गायब.

पोलीस चौकीत साहेबांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, “मॅडम, मग पैसे कुठल्या मितीत गेले?” बाकीचे हसले. पैसे यूपीआयनं दिले म्हणून सायबरला जा. सायबरवाले म्हणाले, माणूस समोर होता, व्यवहार तुम्हीच केला, हे सायबर नाही, चौकीत जा. बँक म्हणाली, पिन तुम्हीच टाकला. चौकीत परत गेले तर ‘साधा अर्ज देऊन ठेवा’. जादूटोणाविरोधी कायद्याचं नाव काढलं तर उत्तर आलं, “यात भूत कुठे आहे?” अहो, 2013 च्या त्या कायद्याच्या अनुसूचीत तथाकथित चमत्कार दाखवून पैसे कमावणं स्पष्ट लिहिलंय, शिक्षा सहा महिन्यांपासून सात वर्षांपर्यंत. तो कायदा यायला दाभोलकरांचा जीव गेला, आणि अनुसूची अंमलदाराला मी वाचून दाखवायची! फसवणुकीचं कलम आता भारतीय न्याय संहितेत 318 आहे, हेही मीच सांगितलं. एफआयआर अजून नाही.

अर्ज दिलात तर शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय खुर्ची सोडू नका. पैसे गेल्याचं कळताक्षणी 1930 हा सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनचा नंबर लावा. मी लाजेपोटी थांबले आणि तोवर सरांचं खातं रिकामं झालं होतं. आणि घरात कुणी मधुमेही असेल तर ‘रसशुद्धीचा उपवास’ ऐकताच हात धरून बाहेर काढा. आमच्या बॅचमधल्या एका आजोबांना उपाशीपोटी ती, साखर उतरवायला घेतात ती भुकटी चाटवली, ते घामाघूम होऊन कोसळले, आणि सर म्हणाले, “त्यांचा प्रवास लवकर सुरू झाला.”

त्या बॅचमधलं कुणी हे वाचत असेल तर यूपीआयचे स्क्रीनशॉट आणि ती बिननंबरी पावती जपून ठेवा. जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, मुदत दोन वर्षांची आहे आणि आयोगाच्या परवानगीनं एकत्र तक्रार करता येते. मी कागद तयार केलेत, बाकीच्यांच्या सह्या हव्यात.