लहान स्वतंत्र शाळा की जुन्या संस्थेची मोठी शाळा : नाशिकच्या पालकांसाठी एक तुलनात्मक आढावा

जानेवारी उजाडला की नाशिकमध्ये पहिलीच्या प्रवेशाची चर्चा घराघरांत सुरू होते, आणि बऱ्याच घरांत ती दोन शाळांपाशी येऊन अडते. एक शाळा मोठ्या शिक्षणसंस्थेची असते, जिचे नाव सगळे शहर ओळखते आणि जिथे आई-वडिलांपैकी एखादे जण स्वतः शिकलेले असते. दुसरी इंदिरानगर, पाथर्डी फाटा किंवा म्हसरूळसारख्या वाढत्या वसाहतीत, एखाद्या बंगल्यात वा दुमजली इमारतीत चालणारी लहान स्वतंत्र शाळा असते, जिच्याविषयी शेजारच्या घरातून चांगले ऐकलेले असते. माझा मुलगा चौथीपर्यंत अशा एका लहान शाळेत होता आणि पाचवीपासून एका जुन्या संस्थेच्या शाळेत गेला. दोन्हीकडच्या पालकसभांना मी बसलेलो आहे, आणि नात्यातील दोन कुटुंबे सध्या याच निर्णयापाशी उभी असल्यामुळे जे पाहिले आणि पडताळले ते येथे नीट मांडत आहे.

माझे मत आधीच सांगतो. लहान शाळेत मुलाची काळजी माणसांच्या आधारावर उभी असते आणि मोठ्या शाळेत ती व्यवस्थेच्या आधारावर उभी असते. म्हणून पहिल्या ठिकाणी माणसे किती टिकतात हे तपासावे आणि दुसऱ्या ठिकाणी व्यवस्था मुलापर्यंत किती पोहोचते हे तपासावे. इमारत, गणवेश आणि निकालाचे फलक यांवरून या दोन्हींपैकी एकही गोष्ट कळत नाही.

इतिहासाच्या बाबतीत नाशिक भाग्यवान आहे. मराठा विद्या प्रसारक समाजाची स्थापना १९१४ची, नाशिक एज्युकेशन सोसायटीची १९१८ची, आणि भोसला मिलिटरी स्कूल १९३७ साली डॉ. बाळकृष्ण शिवराम मुंजे यांनी सुरू केलेले. देवळालीचे बार्न्स स्कूल १९२५मध्ये येथे आले, पण त्याची मुळे मुंबईत १७१८ साली निघालेल्या धर्मादाय शाळेपर्यंत जातात. एवढ्या जुन्या संस्थेचा खरा उपयोग असा की एखादे मुख्याध्यापक निवृत्त झाले किंवा एखाद्या वर्षी पट घसरला, तरी शाळा बंद पडण्याची भीती पालकाला बाळगावी लागत नाही. जमीन संस्थेची असते, अनुदानित शाळेत मान्य पदांवरील शिक्षकांचे पगार शासनाकडून येतात, आणि पन्नास वर्षांपूर्वीच्या माजी विद्यार्थ्याचाही दाखला कार्यालयात सापडतो.

लहान स्वतंत्र शाळेजवळ असा वारसा नसतो, परंतु तिला इतिहासच नाही असे समजणे चुकीचे ठरेल. महाराष्ट्रात मुलाला केंद्रस्थानी ठेवणाऱ्या शाळांची एक सलग परंपरा आहे. बालशिक्षणतज्ज्ञ गिजुभाई बधेका आणि ताराबाई मोडक यांनी १९२६ साली नूतन बालशिक्षण संघ स्थापन केला. पुढे ताराबाई आणि अनुताई वाघ यांनी बोर्डी आणि कोसबाड येथे ते काम आदिवासी मुलांपर्यंत नेले. लीलाताई पाटील यांनी १९८५ साली कोल्हापुरात सृजन आनंद विद्यालय सुरू केले, आणि पुण्यात १९९२ साली अक्षरनंदन सुरू झाली. नाशिकमधील आनंद निकेतन ही मराठी माध्यमाची शाळा याच प्रवाहातील आहे. आपण पाहत असलेली लहान शाळा या परंपरेशी खरोखर नाते सांगते, की केवळ जागा कमी असल्यामुळे लहान राहिली आहे, हा पहिला प्रश्न विचारावा. उत्तर देणाऱ्या व्यक्तीला आपल्या शाळेत भाषा कशी शिकवली जाते हे पाच मिनिटे सलग सांगता आले, तर शाळेमागे विचार आहे असे समजण्यास हरकत नाही.

दुसरा प्रश्न अधिक महत्त्वाचा आहे : आज शिकवणाऱ्या ताईंपैकी पाच वर्षांपूर्वी येथे किती जणी होत्या? माझा मुलगा दुसरीत असताना एकाच वर्षात त्याच्या शाळेतील तीन शिक्षिका सोडून गेल्या. शाळेचा हेतू चांगला होता, तत्त्वे तीच होती, भिंतींवरची चित्रेही तीच होती. पण जो मुलगा सकाळी धावत जात असे तो दाराशी रेंगाळू लागला, कारण तो ज्यांच्यासाठी जात होता ती माणसेच तिथे राहिली नव्हती. मोठ्या शाळेत शिक्षक बदलला तर वर्ग थोडा हलतो. लहान शाळेत शिक्षक बदलला तर शाळाच बदलते. पुढच्या वर्षी मुख्याध्यापिकांनी स्वतः दुसरी-तिसरीचा वर्ग हाती घेतला आणि घडी पुन्हा बसली, हेही नोंदवले पाहिजे.

शिक्षक का सोडून जातात, याचे उत्तर बहुधा पैशात असते, म्हणून शुल्काचा हिशेब पालकाने स्वतः एकदा मांडून पाहावा. समजा वर्गात २० मुले आहेत आणि प्रत्येकाचे वार्षिक शुल्क ४०,००० रुपये आहे, तर त्या वर्गामागे शाळेच्या हाती वर्षाला ८ लाख, म्हणजे महिन्याला साधारण ६६ हजार रुपये येतात. इमारतीचे भाडे, वीज, साहित्य, सेवकांचे वेतन आणि शिक्षिकेचा पगार हे सारे त्यातूनच भागवायचे असते. त्याच शुल्कात वर्गात ४० मुले बसवली की रक्कम दुप्पट होते, आणि लहान शाळेपुढचा मोह नेमका हाच असतो. म्हणून कमी पट आणि कमी शुल्क दोन्ही मिळत असतील, तर फरक कोण भरून काढतो हे अवश्य विचारावे. देणगीदार असतील तर उत्तम, शिक्षिका तुटपुंज्या पगारात भरून काढत असतील तर ते फार काळ चालत नाही. विनाअनुदानित शाळांनाही लागू असलेल्या २०११च्या शुल्क विनियमन अधिनियमानुसार शुल्काचा प्रस्ताव पालक-शिक्षक संघाच्या कार्यकारी समितीपुढे ठेवावा लागतो आणि त्या समितीतील पालक चिठ्ठ्या टाकून निवडले जातात. या समितीची बैठक खरोखर भरते का, हे मागच्या वर्षीच्या एखाद्या पालकाकडून सहज कळते.

सोयींच्या बाबतीत मोठी शाळा पुढे आहे, यात शंका नाही. मैदान, प्रयोगशाळा, ग्रंथालय, सभागृह, चित्रकलेचा वेगळा वर्ग, स्पर्धांना संघ पाठवण्याची सवय, हे सारे तिच्याकडे असते. बंगल्यात चालणाऱ्या शाळेत पावसाळ्याचे चार महिने मुले बहुतेक वेळ छताखालीच काढतात, आणि खेळाचा तास जवळच्या उद्यानात भरतो. शिक्षण हक्क कायद्याच्या परिशिष्टात खेळाचे मैदान, ग्रंथालय, मुलामुलींसाठी वेगळी स्वच्छतागृहे, पिण्याचे पाणी आणि अडथळाविरहित प्रवेश यांचा उल्लेख आहे. लहान शाळेत जाताना ही यादी मनात ठेवावी आणि शाळा लहान आहे म्हणून यांतील काहीही सोडून देऊ नये. विशेषतः स्वच्छतागृह स्वतः पाहावे.

तरीही सोय असणे आणि ती मुलाच्या हाताला लागणे यांत अंतर आहे. मुलगा पाचवीत मोठ्या शाळेत गेला तेव्हा ग्रंथालयातील कपाटे पाहून मला आनंद झाला होता. वर्षाअखेर त्याच्या नावावर दोन पुस्तकांची नोंद निघाली, कारण तुकडीत साठ मुले आणि ग्रंथालयाची तासिका आठवड्यात एक, तीही परीक्षेच्या काळात गणिताला दिली जात असे. आधीच्या शाळेत एकच कपाट होते, पण ते वर्गातच उघडे असे आणि घरी न्यायच्या पुस्तकाची नोंद मुले स्वतः वहीत करत. प्रयोगशाळेचेही तसेच आहे. शाळा दाखवणारे शिक्षक प्रयोगशाळेचे दार उघडतात तेव्हा बाकांवर धूळ आहे की डाग आहेत, हे पाहावे; डाग असलेली प्रयोगशाळा चांगली.

शहर हीच एक मोठी सोय आहे, आणि या ठिकाणी लहान शाळा वरचढ ठरते. वीस मुलांना दोन गाड्यांत बसवून पांडवलेणीला नेता येते, पूर ओसरल्यावर गोदाकाठी जाऊन दुतोंड्या मारुतीपाशी पाणी कुठवर चढले होते ते दाखवता येते, १८४० पासून चालत आलेल्या सार्वजनिक वाचनालयात एक सकाळ घालवता येते, आणि हिवाळ्यात नांदूर मध्यमेश्वरला पक्षी पाहायला जाता येते, ज्याला २०२० साली महाराष्ट्रातील पहिले रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, म्हणून मान्यता मिळाली. मोठ्या शाळेत एका इयत्तेच्या पाच तुकड्या असतात. तीनशे मुलांची सहल काढायची म्हटले की बस, परवानग्या आणि जबाबदारी यांचा भार इतका वाढतो की ती वर्षातून एकदाच, बहुधा करमणुकीच्या ठिकाणी जाते. यात शिक्षकांचा दोष नाही.

आता जोपासनेकडे येतो, कारण लहान शाळा निवडण्यामागे बहुतेक पालकांचे खरे कारण तेच असते. तिथे शिक्षिकेला ‘ताई’ म्हणतात आणि मोठ्या शाळेत ‘बाई’ किंवा ‘सर’ म्हणतात, एवढ्यावरून निष्कर्ष काढू नये. प्रेमाने वागणाऱ्या बाई मी पाहिल्या आहेत आणि तुटकपणे बोलणाऱ्या ताईही पाहिल्या आहेत. फरक कशात आहे तो मूल्यमापनाच्या नोंदींत स्वच्छ दिसतो. सातत्यपूर्ण सर्वंकष मूल्यमापनाच्या पद्धतीनुसार शिक्षकाने प्रत्येक मुलाविषयी वर्णनात्मक नोंदी ठेवायच्या असतात. साठ मुलांच्या तुकडीत त्या नोंदी अनेकदा तयार वाक्यांतून उतरवल्या जातात : ‘वर्गकार्यात सहभाग घेतो’, ‘अक्षर सुधारणे आवश्यक’. माझ्या मुलाच्या तिसरीच्या नोंदीत त्याच्या ताईंनी लिहिले होते की तो वजाबाकीत हातचा घ्यायला विसरत नाही, पण शून्यातून घ्यायची वेळ आली की थांबतो आणि शेजाऱ्याकडे न पाहता खिडकीकडे पाहतो. ज्याने मुलाला खरोखर पाहिले आहे तोच असे वाक्य लिहू शकतो. प्रवेशापूर्वी एखाद्या ओळखीच्या पालकाकडून त्याच्या मुलाचे प्रगतिपुस्तक मागून ही एक गोष्ट वाचावी. शाळेच्या माहितीपत्रकापेक्षा ती अधिक सांगून जाते.

मात्र जवळिकीची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. एका इयत्तेची एकच तुकडी असली की मुलाला तीच पंधरा-वीस मुले वर्षानुवर्षे मिळतात. एखाद्याशी बिनसले तर बाजूला व्हायला जागा नसते, आणि ‘हा हळवा’, ‘ही भांडखोर’ असे एकदा बसलेले नाव पुसायला वेळ लागतो. मोठ्या शाळेत तुकडी बदलते, नवे मित्र भेटतात, आणि बुजऱ्या मुलाला गर्दीत स्वतःचा कोपराही सापडतो. तक्रारीचेही तेच. ज्या शाळेत संस्थाचालक, मुख्याध्यापिका आणि वर्गशिक्षिका एकाच घरातील किंवा एकाच मित्रमंडळातील असतात, तिथे एखाद्या शिक्षिकेविषयी बोलायचे कोणाकडे, हा प्रश्न अवघड होतो. शासनाने २०२२ साली शाळांमध्ये मुलांच्या, विशेषतः मुलींच्या सुरक्षिततेसाठी सखी सावित्री समिती असावी असे ठरवले आहे. लहान शाळेत या समितीचे सदस्य कोण आहेत आणि त्यांत बाहेरचे कोणी आहे का, हे संकोच न करता विचारावे. मोठ्या शाळेत समितीचा फलक बहुधा दिसतो, मग मुलांना ती ठाऊक आहे का हे मधल्या सुट्टीत एखाद्या सातवीतल्या मुलीला विचारून पाहावे.

शिकण्यात मागे राहणाऱ्या, अडखळत बोलणाऱ्या किंवा सतत हालचाल करणाऱ्या मुलासाठी मी निःसंकोचपणे चौथीपर्यंत लहान शाळा सुचवीन, कारण शिक्षण हक्क कायद्याने पहिली ते पाचवीसाठी धरलेले ३० मुलांमागे एक शिक्षक हे प्रमाणही अशा मुलाला अपुरे पडते. खेळात किंवा गाण्यात जीव असलेल्या मुलाला मात्र मोठी शाळा आधीपासून लाभते.

लहान शाळा कुठपर्यंत आहे हे पहिल्याच भेटीत विचारावे. अनेक स्वतंत्र शाळा चौथी किंवा सातवीला थांबतात, आणि दरवर्षी एक वर्ग वाढवू असे सांगणाऱ्या शाळेला तो वाढवता येईलच असे नसते. जुन्या माध्यमिक शाळांचे वर्ग बहुधा पाचवीपासून सुरू होत असल्याने चौथीनंतरचा बदल सर्वांत सुकर असतो. सातवीनंतर नव्या शाळेत जाणाऱ्या मुलाला दहावीच्या तयारीसाठी तीनच वर्षे मिळतात. बदल करताना शाळा सोडल्याचा दाखला लागतो, म्हणून शाळेला मान्यता आहे याची खात्री सुरुवातीलाच करावी. राज्यातील शाळेचा यूडायस क्रमांक, म्हणजे सरकारी नोंदीतील तिचा ओळख क्रमांक, ११ अंकी असून २७ ने सुरू होतो, आणि तो सांगायला टाळाटाळ होत असेल तर पुढची चौकशी तिथेच थांबवावी. विनाअनुदानित शाळांत, अल्पसंख्याक संस्था वगळता, प्रवेशवर्गातील २५ टक्के जागा वंचित आणि दुर्बल घटकांतील मुलांसाठी असतात. त्या मुलांना शाळा कसे सामावून घेते, सहलीचे आणि साहित्याचे पैसे त्यांच्याकडून वेगळे मागते का, हे तिथल्या पालकांकडून समजून घ्यावे.

प्रवासाविषयी थोडेच सांगतो. पाथर्डी फाट्याहून पंचवटीला रोज जाणाऱ्या सहा वर्षांच्या मुलाचा द्वारका आणि मुंबई नाक्याच्या गर्दीत जाणारा वेळ त्याच्या झोपेतून किंवा खेळातून वजा होतो. चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी नऊपूर्वी भरवू नयेत असे शासनाने २०२४ मध्ये सांगितल्यामुळे डिसेंबर-जानेवारीच्या थंडीत थोडा दिलासा मिळाला आहे, तरी चालत जाता येणारी शाळा या वयात मोठी गोष्ट आहे.

शाळा पाहायला जाताना कार्यक्रमाचा दिवस टाळावा आणि साधा मंगळवार-बुधवार निवडावा. कार्यालयातील भेट झाली की लगेच घरी न निघता शाळा सुटेपर्यंत फाटकाबाहेर थांबावे. मूल कोणाच्या हाती सोपवले जाते, रिक्षावाल्या काकांची नोंद कोण ठेवते, आणि ज्याचे पालक अजून आलेले नाहीत त्या शेवटच्या मुलाजवळ कोण बसून राहते, हे त्या पंधरा मिनिटांत दिसते.