स्वप्नातले जागेपणी हाती आणायचे असेल तर कोणती वाट धरावी?

स्वप्नात घडलेले काही प्रत्यक्षात उतरावे असे ज्यांना मनापासून वाटते, त्यांच्यापुढे आज शास्त्रीय कसोटीवर तपासलेल्या दोन वाटा आहेत. पहिली सजग स्वप्नाची, म्हणजे ल्युसिड ड्रीमिंगची. तिच्यात झोप न मोडता ‘हे स्वप्न आहे’ असे ओळखायचे आणि आधी ठरवलेली कृती त्या स्वप्नातच करायची असते. दुसरी वाट डोळा लागता लागता येणाऱ्या गुंगीची. त्या गुंगीत उमटलेली चित्रे आणि विचार गाढ झोप लागण्याआधी टिपून घ्यायचे असतात. या दोहोंचा उल्लेख बहुधा एकत्रच होतो, परंतु पहिलीतून कौशल्याचा सराव पदरी पडतो आणि दुसरीतून कल्पना. म्हणून आपल्याला नेमके काय हवे आहे, हे आधी ठरवावे.

सजग स्वप्न ही निव्वळ भाविक समजूत नाही. १९७५ साली इंग्लंडमधील हल विद्यापीठात कीथ हर्न यांनी याचा पहिला पुरावा नोंदवला. स्वप्नांच्या झोपेत शरीराचे बहुतेक स्नायू निश्चल असतात, डोळे मात्र हलतात. त्यामुळे झोपलेल्या ॲलन वर्स्ली यांनी आधी ठरल्याप्रमाणे डोळे डावी-उजवीकडे फिरवून स्वप्नातून खूण पाठवली. पुढे स्टॅनफर्डमध्ये स्टीफन लाबर्ज यांनी हे स्वतंत्रपणे सिद्ध केले आणि त्यासाठी सरावाची पद्धतही बसवली. सुमारे पाच तासांच्या झोपेनंतर उठायचे, नुकतेच पडलेले स्वप्न आठवायचे, आणि ‘पुढच्या वेळी स्वप्न पडेल तेव्हा ते स्वप्न असल्याचे माझ्या ध्यानात येईल’ असे मनाशी घोळवत, त्याच स्वप्नात आपण जागे झालो आहोत अशी कल्पना करीत पुन्हा झोपी जायचे.

यातून हाती काय येते? डॅनिएल एर्लाखर आणि मिखाएल श्रेडल यांनी २०१० मध्ये प्रसिद्ध केलेल्या छोट्या प्रयोगात सहभागींना कपात नाणी टाकण्याचा सराव स्वप्नात करायला सांगितले होते. वीसपैकी सात जणांनाच ते साधले, पण त्या सातांचा नेम सकाळी खरोखरच सुधारलेला आढळला. जागेपणी सराव करणाऱ्यांची प्रगती त्यांच्याहून अधिक होती, हेही येथे सांगायला हवे. शिवाय यासाठी झोपेचीही किंमत मोजावी लागते. ऑस्ट्रेलियात डेनहोम ॲस्पी यांनी २०१७ मध्ये मांडलेल्या अभ्यासात, पहाटे उठण्यासह तीन तंत्रे एकत्र वापरणाऱ्यांना आठवडाभरात सुमारे १७ टक्के रात्रींच यश आले. मात्र तंत्र संपवून पाच मिनिटांत ज्यांना पुन्हा झोप लागली, त्यांच्या बाबतीत हे प्रमाण सुमारे ४६ टक्के होते. मोडलेली झोप लवकर परत येत नाही अशांनी या आकड्यांवरूनच आपला अंदाज बांधावा.

गुंगीची वाट तुलनेने फारच स्वस्त आहे. दुपारची वेळ, पाठ टेकायला खुर्ची आणि हातात सुटली तर आवाज होईल अशी एखादी वस्तू एवढेच तिला लागते; झोप गाढ होऊ लागली की मूठ सैल पडते, वस्तू खाली पडते आणि माणूस जागा होतो. पॅरिसमधील संशोधकांनी २०२१ मध्ये हेच तपासले. दडलेला नियम असलेली गणिते सहभागींना दिली आणि मध्ये वीस मिनिटांची विश्रांती ठेवली. ज्यांना झोपेच्या पहिल्या टप्प्यात निदान पंधरा सेकंद मिळाले, त्यांच्यापैकी ८३ टक्क्यांना तो नियम सापडला. जागे राहिलेल्यांत हे प्रमाण ३० टक्के होते, आणि त्यापुढच्या टप्प्यात गेलेल्यांत अवघे १४. ‘मनी वसे ते स्वप्नी दिसे’ ही म्हण येथे शब्दशः लागू पडते, कारण त्या सर्वांनी आधी गणितांशी झटापट केलेली होती. ज्या प्रश्नावर जागेपणी डोके घातलेले नाही, त्याचे उत्तर गुंगीत मिळेल अशी आशा धरू नये.

टिपण मात्र तत्काळ आणि वाचता येईल असे हवे. ऑटो लोवी यांना मज्जातंतूंच्या रासायनिक संदेशांचा प्रयोग रात्री स्वप्नात सुचला, त्यांनी तो कागदावर खरडला, आणि सकाळी स्वतःचेच अक्षर त्यांना लागेना. पुढच्या रात्री तीच कल्पना पुन्हा आली, तेव्हा ते थेट प्रयोगशाळेत गेले. बेडकाच्या हृदयावरील त्या कामाबद्दल त्यांना १९३६ चे नोबेल विभागून मिळाले.

तिबेटी बौद्ध परंपरेतील, नारोपा या भारतीय सिद्धांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या सहा योगांमधील स्वप्नयोग या पंक्तीत अनेकदा बसवला जातो. तो आदरणीय आहे, पण त्याची दिशा उलट आहे: जागेपणीचे जगही स्वप्नवत असल्याचे ओळखणे हे त्याचे साध्य असल्यामुळे, काही घडवण्यासाठी त्याच्याकडे वळू नये.

लेखक, चित्रकार, संशोधक यांनी माझ्या मते निःशंकपणे गुंगीची वाट धरावी. सजग स्वप्नाचा विचार खेळाडू, वादक आणि नर्तक यांनी करावा, तोही प्रत्यक्ष सरावाला जोड म्हणून. निद्रानाश असेल किंवा भास आणि वास्तव यांची गल्लत होण्याचा आजार असेल, तर सजग स्वप्नाचा प्रयत्न स्वतःच्या जबाबदारीवर करू नये. वारंवार दुःस्वप्ने पडणाऱ्यांसाठी मात्र हीच पद्धत उपचार म्हणूनही वापरली जाते. त्यांनी ती मानसोपचारतज्ज्ञांच्या देखरेखीखाली शिकावी.