नागपूरचा जर्मन क्लास: पाचपैकी साडेतीन, त्यातले तीन रविवारचे

मागच्या महिनाभरात दहा-बारा जणांनी विचारलं की भाऊ तू तो धरमपेठेतला जर्मनचा क्लास केला न, कसा आहे, लावू का. प्रत्येकाला वेगळं टाइप करून कंटाळा आला म्हणून एकदाच सगळं लिहून टाकतो, म्हणजे पुढच्या वेळी हेच पाठवता येईल. क्लासचं नाव टाकत नाही कारण पुढे थोडं वाईटपण लिहिणार आहे आणि माझं सर्टिफिकेट अजून त्यांच्याच कपाटात आहे.

आधी माझं सांगतो म्हणजे कोण बोलून राहिला ते समजेल. मेकॅनिकलचा डिप्लोमा, मग चार वर्षं एमपीएससी, प्रिलिम दोनदा निघाली, मेन्स एकदाही नाही. मग घरच्यांनी म्हटलं की आता पुरे कर बाबा, आणि मामेभाऊ तिकडे श्टुटगार्टला आहे तो म्हणे की जर्मन शिक, बाकी पाहू. म्हणून ए-वन, म्हणजे जर्मनची पहिली पातळी, लावलं. फी १४,०००, दोन हप्त्यात. सोमवार ते शुक्रवार संध्याकाळी ७ ते ८:३०, आणि रविवारी सकाळी ९ ते ११ 'उच्चाराचा तास'. बॅचमध्ये १५ जण घेऊ असं सांगितलं होतं, पहिल्या दिवशी मोजले तर २७. एसी आहे पण तो फक्त डेमोच्या दिवशी चालतो. पार्किंग नाही, गाडी समोरच्या गल्लीत लावा आणि तिथल्या काकांना नमस्कार करत जा, नाहीतर हवा सोडतात.

डेमो मॅडमनी घेतला. मी तिथंच फसलो, म्हणजे चांगल्या अर्थानं पण आणि वाईट अर्थानं पण. कारण डेमो मॅडमचा आणि आठवडाभर शिकवायला सर, मॅडम फक्त रविवारी. हे कोणी सांगत नाही, फी भरल्यावर समजते.

आता रविवारचं. पहिल्याच तासाला मॅडमनी बोर्डावर साधं वाक्य लिहिलं, मॅक्स आणि ॲना असं काहीतरी, मधला 'आणि' जर्मनमधला. एका पोराने वाचलं, मॅक्स उंड ॲना. मॅडम म्हणे, उंड नाही, उंट. सगळी बॅच हसायला लागली, मागून कोणीतरी म्हणे मॅडम, मधातच उंट कायले आला? मॅडम पण हसल्या पण सोडलं नाही. लिहिताना शेवटी ड-चं अक्षर आहे पण तोंडातून ट निघतो. मग कुत्रा लिहिला, वाचायचा हुंट. दोन कुत्रे झाले की हुंडं. म्हणजे पुढे स्वर आला की ड परत जिवंत होतो आणि शब्द तिथंच संपला की त्याचा ट होतो. दिवस म्हणजे टाक, पण दिवस अनेक झाले की टागं. गूटन आबंट. डॉइचलांट. एवढे वर्षं आपण डॉइचलँड म्हणून राहिलो होतो.

मी हात वर केला, मॅडम नियम काय आहे याचा. त्या म्हणे नियम नंतर, आधी गळ्यावर दोन बोटं ठेवा, कंठमणी असतो तिथं. आता लांब स्स्स्स म्हणा. मग झ्झ्झ्झ म्हणा, झाडातला झ, झेंड्यातला नाही. सत्तावीस लोक गळ्याला हात लावून सापासारखे फुत्कारून राहिले होते, बाहेरून चहावाला पोरगा आला तो दारातच थांबला. पण राजेहो, खरंच समजते. स म्हणताना बोटाला काहीच लागत नाही आणि झ म्हणताना मोबाईल व्हायब्रेटवर ठेवल्यासारखं घूं घूं होते. जीभ तिथंच, दात तिथंच, फक्त गळ्यातले स्वरतंतू चालू की बंद एवढाच फरक. क आणि ग मध्ये तेच, ट-ड, त-द, प-ब सगळीकडे तेच. आपली वर्णमाला घ्या, प्रत्येक ओळीतलं पहिलं अक्षर गळा बंद ठेवून आणि तिसरं गळा चालू ठेवून. पहिलीपासून पाठ आहे, पण ही रांग अशी काऊन लावली असेल हा प्रश्न मला एकतीस वर्षांत पडला नव्हता.

मग मॅडमनी ग ताणून धरायला लावला. गा नाही हं, नुसता ग्ग्ग्ग, तोंड न उघडता. एका सेकंदात गळा बंद पडतो. मग ब्ब्ब्ब, तो जास्त वेळ चालतो. कारण स्वरतंतू हलायला खालून वर हवा जात राहायला लागते, आणि पुढे दार लावलेलं असलं की हवा तोंडात साचते आणि प्रवाहच थांबतो. ब मध्ये दार ओठांवर आहे, मागे सगळं तोंड मोकळं, गाल पण फुगतात, म्हणून जागा जास्त. ग मध्ये दार घशाजवळच, जागाच नाही. म्हणून जगात ब असून प नाही अशी अरबीसारखी भाषा सापडते, तिथले लोक पेप्सीला बेप्सी म्हणतात, आणि डचसारखी भाषा आहे जिच्यात ब आहे ड आहे पण स्वतःचा असा ग नाही. हे मी घरी आरशासमोर करून पाहत होतो तर आई म्हणे, काऊन रे बेडकावानी गाल फुगवून राहिला, दात दुखते का.

पण खरा पैसा वसूल झाला तो तिसऱ्या रविवारी. मॅडमनी विचारलं तुम्ही राहता कुठं. सगळे म्हणाले नागपूर. परत म्हणा, पटकन. नागपूर. अजून पटकन, बसच्या कंडक्टरसारखं. मग फोनवर रेकॉर्ड करून ऐकवलं. नाक्पूर. सत्तावीसच्या सत्तावीस लोकांचं नाक्पूर. एक पोरगी मानायलाच तयार नव्हती, म्हणे मी ग-च म्हणते, तिचं वेगळं रेकॉर्ड केलं, नाक्पूर. मग मॅडम म्हणे आता नागभीड म्हणा तितक्याच पटकन. ग शाबूत. कारण भ म्हणताना गळा चालू असतो आणि प म्हणताना बंद, आणि ग बिचारा पुढच्याकडे पाहून वागतो. मग सगळ्यांना खेळच सापडला. राजकारणाचं राच्कारण, आगपेटीची आक्पेटी. उलट पण होते, हातगाडीची हाद्गाडी, एकदमचं एग्दम, सात दिवसचं साद्दिवस. लिहिताना कोणी चुकत नाही आणि बोलताना कोणी 'बरोबर' बोलत नाही.

तेव्हा माझ्या डोक्यात लाईट लागला की अरे हे तर आपलं आहे बे. व्यंजनसंधी! प्रथम व्यंजन संधी, तृतीय व्यंजन संधी, दोन रजिस्टर भरले होते मी याचे. विपद् अधिक काल विपत्काल, वाक् अधिक ईश वागीश, षट् अधिक रिपू षड्रिपू, अप् अधिक ज अब्ज. 'खालीलपैकी तृतीय व्यंजन संधीचे उदाहरण ओळखा', चार पर्याय, एक गोल काळा करा. प्रथम आणि तृतीय म्हणजे वर्गातलं पहिलं आणि तिसरं अक्षर हे माहीत होतं, पण त्याचा गळ्याशी काही संबंध आहे हे कोणत्याच क्लासमध्ये कोणी बोललं नाही, आणि मी तीन क्लास केले आहेत. चार वर्षं मी लायब्ररीत बसून जे घोकत होतो ते माझं तोंड रोज बर्डीच्या सिग्नलवर ऑटोवाल्याशी बोलताना आपोआप करून राहिलं होतं. मॅडमला हे सांगितलं तर त्या खूश झाल्या, म्हणे पाणिनीचं दोन शब्दांचं सूत्र आहे, 'खरि च', पुढे कठोर, म्हणजे गळा बंद ठेवून म्हणायचं अक्षर आलं की मागचं पण कठोर. आणि वाक्याच्या अगदी शेवटी वाक् म्हणा नाहीतर वाग्, त्याला दोन्ही चालते. जर्मनला चालत नाही, तिथं शेवटी कठोरच.

फरक लिहिण्यात आहे. संस्कृतवाले ऐकू येते तसं लिहून टाकतात, वागीश म्हणजे वागीश. जर्मन लोक मूळ अक्षर सांभाळून ठेवतात, कारण अनेकवचनात तो ड परत येणार असतो. पण त्यांचं पण आधी असं नव्हतं, साधारण १०५० ते १३५० च्या काळातली जी जर्मन आहे तिच्यात दिवस हा शब्द शेवटी क-च्या उच्चाराचं अक्षर टाकून लिहायचे आणि 'दिवसाचा' म्हणताना ग-चं. नंतर त्यांनी स्पेलिंग एकसारखं केलं. आता चाक आणि सल्ला हे दोन शब्द वेगळे लिहितात आणि दोन्ही राट असेच ऐकू येतात. ऐकून लिहायच्या परीक्षेत याच्यावर वाट लागते.

मला तर नादच लागला. मदत हा शब्द घ्या, फारसीतून आला तेव्हा मदद होता, आपण शेवटचा द बंद केला. पसंद आला, पसंत झाला. इंग्रजांचा लॉर्ड आला, त्याचा लाट झाला, लाटसाहेब. हे तीन मी मॅडमला नेऊन दाखवले, आणि म्हटलं मॅडम आपण पण थोडेफार जर्मनच आहो. त्या म्हणे घाई करू नका, गुलाब आणि कागद तसेच राहिले न, आपल्याकडे हा नियम नाही, काही शब्दांपुरतं झालं. आणि उलट्या दिशेनं पण झालं आहे. जुनं पाहायचं तर संस्कृतातला ट दोन स्वरांच्या मधात सापडला की प्राकृतात त्याचा ड व्हायचा, घोटक घोडा, कटुक कडू, आणि वटिका म्हणजे आपली वडी. त्या दिवशी क्लास सुटल्यावर आम्ही चौघं गोकुळपेठेत सांबारवडी खायला गेलो (बाहेरच्यांसाठी, सांबार म्हणजे कोथिंबीर, इडलीवालं नाही) आणि एक जण दुकानदाराला म्हणे भाऊ, दोन प्लेट सांबारवटिका. त्यानं असं पाहिलं की परत तिथं जायची सोय राहिली नाही.

आता वाईट. एक नंबर वाईट म्हणजे नोट्स. १२० पानांची झेरॉक्स देतात स्पायरल बाइंडिंग करून, त्याचे वेगळे ६००, आणि त्यात प्रत्येक शब्दापुढे देवनागरीत उच्चार छापलाय, तो स्पेलिंग पाहून छापलाय. उंड, हुंड, टाग, गुटेन आबेंड. म्हणजे रविवारी मॅडम जे शिकवतात ते सोमवारी नोट्स पुसून टाकतात. मी पेनानं सगळं दुरुस्त करत बसलो, चाळीस पानांपर्यंत गेलो आणि सोडून दिलं.

दोन नंबर सर. माणूस चांगला आहे, व्याकरण एक नंबर घोटून घेतो, नपुंसकलिंगी शब्द कोणते ते झोपेत विचारलं तरी सांगीन. पण उच्चार नोट्सवाला. मी एकदा उंट म्हटलं तर म्हणे लिहिलं ते वाचा न, स्वतःच्या मनाचं नका करू.

आणि याचा फटका मॉक टेस्टला बसला. ऐकण्याचा पेपर, १५ पैकी ६. एका प्रश्नात आजी रविवारी काय करते असं होतं. मी लिहिलं आजी केक पॅक करते. आजी केक भाजत होती. जर्मनमध्ये पॅक करणं म्हणजे पाकन आणि भाजणं म्हणजे बाकन, अक्षरात प आणि ब. आता हे सर म्हणे नीट ऐकत जा. मी रविवारी मॅडमला विचारलं, त्यांनी दोन मिनिटांत सोडवलं. जर्मन माणसाचा प शब्दाच्या सुरुवातीला हवा सोडून निघतो, आपल्या फ-सारखा, फुलातला फ, फॅनमधला नाही. आणि त्याचा ब शब्दाच्या सुरुवातीला इतका मऊ नसतो, गळा उशिराच चालू होतो, म्हणून आपल्या कानाला तो प वाटू शकतो. आपल्याकडे प, फ, ब, भ चार खाने आहेत, त्यांच्याकडे दोनच, आणि त्यांचे दोन आपल्या चारांवर सरळ बसत नाहीत. म्हणून आपण साधा प म्हटला की त्यांना ब ऐकू येऊ शकतो. तोंडासमोर कागदाची पट्टी धरा, पट्टी हलली तर जर्मन प. तेव्हापासून मी खिशात मेट्रोचं तिकीट ठेवतो आणि त्याच्यावर प्रॅक्टिस करतो. दुसऱ्या मॉकला १५ पैकी ११.

तर रेटिंग. सर एक स्टार व्याकरणासाठी. नोट्सचा अर्धा स्टार वजा. एसी आणि २७ लोक यांचं काही देत नाही. मॅडम तीन स्टार, एवढंच क्लासच्या नावावर देता येते म्हणून, नाहीतर जास्त दिले असते. नुसतं ए-वन पास करायचं असेल आणि उच्चाराचं घेणंदेणं नसेल तर याच्यापेक्षा स्वस्त क्लास आहेत गावात. इंटरव्ह्यू द्यायचा असेल, समोर खरा जर्मन माणूस बसणार असेल, तर लावा, पण नोट्सचे ६०० देऊ नका, माझी दुरुस्त केलेली कॉपी आहे, चाळीस पानांपर्यंत.

आणि एक. रिसेप्शनवर विचारलं की फक्त रविवारची फी घेता का, तर नाही म्हणतात. मॅडमला जिन्यात गाठून विचारलं तर त्या म्हणे चार जण जमले तर मी वेगळा तास घेईन, सकाळी ७ ला, बी-वनसाठी, म्हणजे वरच्या पातळीसाठी. आम्ही तिघं झालो आहोत. चौथा पाहिजे, ज्याला सकाळी उठणं जमते त्यानंच मेसेज करा.