आमदार निवासाबाहेरची तर्री

हिवाळी अधिवेशनात नागपूरच्या सिव्हिल लाइन्सकडे येणं झालं, तर आमदार निवासाबाहेरच्या टपरीवर तर्री-पोहा खाच. पोहे मोकळे, गरम. वरून काळ्या चण्याची लालभडक तर्री, कांदा अन् मूठभर शेव. तर्री मागाल तेवढी टाकते मावशी, तोंड वाकडं नाही करत. चहा मात्र नुसता पाक, तो सोडा.

खरी चव गप्पांची. भोवती कार्यकर्ते, पीए, तिकिटाच्या आशेवरचे माजी नगरसेवक. पक्ष कोणताबी असो, हिशेब फडणवीसांचाच लावतात: १९९२ ला नगरसेवक, १९९७ ला महापौर, १९९९ ला आमदार, २०१४ ला मुख्यमंत्री. "आपलंबी होते भाऊ," म्हणत एकानं दुसरी प्लेट घेतली. विधानसभेत जागा २८८, त्यातले निम्मे भावी आमदार सकाळी इथंच उभे दिसतात राजेहो! विधान परिषदेवाले वेगळे. ते हळू बोलतात. सहा वर्षांची मुदत असल्यावर घाई कायची?

बसायला बाक नाही. पोहे लवकर संपतात. मोर्चाच्या दिवशी रस्ते बंद असतात, गाडी लांब लावून पायी या.